पालकावरचा ठिपका, जमिनीतली ‘मोहरी’ आणि पेट्रोलमधलं इथेनॉल : महाराष्ट्रात शुगरबीटचं घोडं नेमकं कुठे अडतं?

पावसाळ्यातली पालकाची जुडी तुम्ही कधी नीट निरखून बघितली आहे का? पुढच्या वेळी बघा. काही पानांवर ज्वारीच्या दाण्याएवढे गोल ठिपके दिसतील. मध्यभागी राखाडी आणि कडेला लालसर-जांभळी किनार. भाजीवाल्या मावशींना विचारलंत तर त्या म्हणतील, “पावसाचा माल आहे, चार पानं काढून टाका.”

सल्ला एकदम बरोबर आहे. पण हा ठिपका पाडणाऱ्या बुरशीचं नाव आहे सर्कोस्पोरा बेटिकोला. यातलं ‘बेटिकोला’ म्हणजे बीटवर राहणारी. आता बीटवरची बुरशी पालकावर काय करते?

तर गंमत अशी आहे की आपण जो देशी पालक खातो तो वनस्पतिशास्त्राच्या हिशोबाने बीटच आहे. सॅलडमधलं लाल बीट, आपला पालक आणि युरोपात ज्याच्यापासून साखर काढतात ते पांढरं शुगरबीट, ही तिन्ही एकाच प्रजातीची भावंडं आहेत. कुणाचा कंद वाढवला, कुणाची पानं वाढवली, एवढाच फरक. (विलायती पालक वेगळा, तो बीट नाही.) त्यामुळे एका भावंडाचे आजार दुसऱ्यालाही होतात.

पुण्याच्या दृष्टीने बघितलं तर ही भावंडं एकाच गावात भेटतात, मांजरीत. मांजरीच्या उपबाजारात हवेलीतले शेतकरी पहाटे पालेभाज्या घेऊन येतात. आणि त्याच मांजरीत वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट आहे. साखरेच्या धंद्यातली माणसं जिला ‘व्हीएसआय’ म्हणतात, ती. शुगरबीट महाराष्ट्रात लावता येईल का, याची चर्चा निघाली की ती फिरून या संस्थेच्या दारात येते.

आणि ही चर्चा सध्या परत निघाली आहे. यूट्यूबवर, रील्समध्ये, शेतीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर. ‘उसाला पर्याय’, ‘पाच महिन्यांत साखर’, ‘निम्म्या पाण्यात इथेनॉल’ असे मथळे तुम्हीही बघितले असतील. त्यात तथ्य आहे. पण या सगळ्या व्हिडीओंमध्ये एका गोष्टीबद्दल फारसं कुणी बोलत नाही. ती म्हणजे बुरशी. आणि ती पालकावर दिसते ती बुरशी नाही, जमिनीखाली बसलेली दुसरीच आहे.

बीटची आठवण आत्ताच का झाली?

उत्तर पेट्रोलच्या टाकीत आहे. 2018 च्या राष्ट्रीय जैवइंधन धोरणात इथेनॉलसाठी चालणाऱ्या कच्च्या मालाच्या यादीत शुगरबीटचं नाव आलं. पेट्रोलमध्ये 20 टक्के इथेनॉल मिसळायचं उद्दिष्ट आधी 2030 चं होतं, ते अलीकडे ओढून 2025 वर आणलं आणि देशाने ते गाठलंही.

पण इथेनॉल बनवायचं कशापासून, हा वाद मिटला नाही. 7 डिसेंबर 2023 ला केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉल करायला बंदी घातली, आठवडाभरातच ती थोडी सैल केली आणि ऑगस्ट 2024 मध्ये पुढच्या हंगामासाठी निर्बंध उठवले. या धरसोडीत ज्यांनी कर्ज काढून डिस्टिलऱ्या उभ्या केल्या त्यांचा जीव टांगणीला लागला होता. त्यातच ऊस कमी पडला. महाराष्ट्राचं साखर उत्पादन 2023-24 ला सुमारे 110 लाख टन होतं, ते 2024-25 ला सुमारे 81 लाख टनांवर आलं. त्या हंगामात कित्येक कारखान्यांची धुराडी फेब्रुवारी-मार्चमध्येच थंड झाली.

म्हणजे बघा, कोट्यवधींची यंत्रं, बॉयलर, डिस्टिलरी, कामगार, सगळं जागेवर आहे. ऊस मात्र वर्षातले चार महिने, फार तर पाच महिने. उरलेला काळ कारखाना बसून. इथे बीटचं गणित सुरू होतं. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये बी टोकायचं, पाच-सहा महिन्यांत कंद तयार. ऊस संपला की मार्च, एप्रिल, मे मध्ये बीट आणायचं आणि कारखाना चालू ठेवायचा. आडसाली ऊस शेतात दीड वर्ष उभा राहतो, त्याच्या तुलनेत पाणी कितीतरी कमी. शिवाय बीटला खारट जमीन सोसते. सांगली-कोल्हापूरकडे उसाला पाणी देऊन देऊन जी रानं क्षारपड झाली, तिथेही ते तग धरतं.

कागदावर हे इतकं छान आहे की कुणालाही मोह व्हावा. मोह याआधीही झालेला आहे.

आधीच्या खेपेला काय झालं?

2000 नंतरच्या दशकात सिंजेंटा कंपनीने उष्ण प्रदेशात वाढणाऱ्या शुगरबीटच्या जाती आणल्या. महाराष्ट्रात त्यांच्या चाचण्या झाल्या. पुणे जिल्ह्यात इंदापूर तालुक्यातल्या कळस इथे 2007 च्या सुमारास बीटपासून इथेनॉल काढण्याचा प्रकल्प उभा राहिला, त्याची तेव्हा बरीच चर्चा झाली. जालना जिल्ह्यात अंबड तालुक्यातल्या समर्थ सहकारी साखर कारखान्यानेही बीटचा प्रयोग केला. पण बीट महाराष्ट्रात पसरलं नाही. आज तुम्ही इंदापूरला गेलात तर ऊसच दिसतो.

त्याच्याही आधी, 1970 च्या दशकात, राजस्थानात श्रीगंगानगरच्या साखर कारखान्यात बीटपासून साखर निघत होती. तिथेही पद्धत हीच. आधी ऊस, मग बीट.

या सगळ्याचं खापर बुरशीच्या माथी मारणं चूक ठरेल. बीटला उसाचे रोलर चालत नाहीत, त्याचे काप करून गरम पाण्यात साखर उतरवणारं वेगळं यंत्र लागतं. बीटला बगॅस नाही, म्हणजे बॉयलरला जळण बाहेरून आणा. बियाणं महाग, कारण बीटला फुलोरा यायला कडक थंडी लागते, त्यामुळे मैदानी भागात बीच धरत नाही. आणि उसाला एफआरपी आहे, बीटला नाही. हे सगळे अडथळे खरे आहेत. पण यंत्र विकत घेता येतं, जळण आणता येतं, दर ठरवता येतो. जो अडथळा पैशाने सहज हटत नाही तो जमिनीत आहे.

जमिनीतली मोहरी

या बुरशीचं नाव स्क्लेरोशियम रॉल्फसाय. अमेरिकेत फ्लोरिडामध्ये पीटर हेन्री रॉल्फ्स यांनी 1892 मध्ये टोमॅटोवर तिची नोंद केली, त्यांचं नाव तिला मिळालं. नाव नवीन वाटलं तरी महाराष्ट्रातल्या शेतकऱ्याला ती परकी नाही. भुईमुगाची खोडकूज, हरभऱ्याची मानकूज, सोयाबीनचं रोप बुडाशी सडून माना टाकतं तो प्रकार, या सगळ्यामागे बहुतेक वेळा तीच असते. पाचशेहून जास्त वनस्पतींवर ती जगू शकते.

हिची ओळख सोपी आहे. झाडाच्या बुडाशी, मातीला लागून, पांढऱ्या दोऱ्यांचं पंख्यासारखं जाळं दिसतं. काही दिवसांनी त्यावर आधी पांढरे आणि मग तपकिरी गोल दाणे येतात. अगदी मोहरीसारखे, एक-दोन मिलिमीटरचे. हे दाणे म्हणजे बुरशीची तिजोरी. पीक काढलं, रान मोकळं केलं, उन्हाळा गेला, तरी हे दाणे मातीत वर्षानुवर्षं जिवंत राहतात.

बीटच्या बाबतीत मूळकूज कशी होते? दुपारी पानं मलूल होतात, संध्याकाळी परत उभी राहतात. शेतकऱ्याला वाटतं पाणी कमी पडलं, म्हणून तो पाणी देतो. तिकडे बुरशी ऑक्झॅलिक आम्ल सोडून कंदाच्या पेशी आधीच मारत असते आणि मेलेल्या भागात शिरते. पानं पिवळी पडेपर्यंत खाली कंद मऊ झालेला असतो. ज्वारीच्या पानावर रोग आला तर दाणा थोडा बारीक होईल. इथे रोग थेट त्याच भागावर येतो ज्याचे पैसे मिळणार असतात.

आता खरा मुद्दा. ही बुरशी 25 ते 35 अंश तापमानात आणि ओल्या मातीत जोमाने वाढते. थंडीत ती जवळजवळ झोपलेली असते. म्हणून नोव्हेंबरात लावलेलं बीट डिसेंबर, जानेवारी, फेब्रुवारी हे तीन महिने झकास दिसतं. व्हिडीओ याच काळात काढले जातात. मार्चमध्ये ऊन तापायला लागतं आणि तिथून पुढे आठवड्यागणिक मूळकूज वाढत जाते. उत्तर भारतातला अनुभवही हाच आहे, तापमान चढायला लागलं की रोग सुरू आणि एप्रिल-मेमध्ये कळस.

वर आपण काय म्हणालो होतो? कारखान्याला बीट कधी हवं? ऊस संपल्यावर, मार्च ते मे.

म्हणजे कारखान्याच्या सोयीचे महिने आणि बुरशीच्या सोयीचे महिने एकच आहेत. बीटचं सगळं आर्थिक आकर्षण ज्या खिडकीवर उभं आहे, त्याच खिडकीत मूळकूज उभी आहे. माझ्या मते महाराष्ट्रात बीटबद्दल बोलताना पहिला प्रश्न ‘एकरी किती टन’ हा नसून ‘कोणत्या तारखेला काढणी’ हा असायला हवा.

यात आपल्या सिंचनाची एक भर आहे. कॅनॉलचं पाणी पाळीने येतं. रान कोरडं पडतं, मग एकदम भिजतं. माती सुकून पुन्हा ओली झाली की या दाण्यांना कोंब फुटायला चालना मिळते. आणि पाटाचं पाणी सरीतून वाहताना दाणे एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात नेऊनही टाकतं. ही बुरशी हवेतून फारशी पसरत नाही. ती मातीबरोबर, पाण्याबरोबर, ट्रॅक्टरच्या फाळाबरोबर प्रवास करते.

दुसरी भर सोयाबीनची. राज्यात सोयाबीन सुमारे 50 लाख हेक्टरवर असतं. मराठवाड्यात सोयाबीन काढून त्यावर रब्बीत बीट घ्या, हा सल्ला ऐकायला सोपा आहे, वेळही बरोबर जुळते. पण जिथे सोयाबीन, हरभरा, भुईमूग आलटून पालटून घेतले गेलेत, तिथे या मोहरीची साठवण आधीच झालेली असू शकते. ज्वारी, गहू, मका या पिकांवर तिचं फारसं चालत नाही. त्यामुळे बीटच्या आधी रानात काय होतं, हे बियाण्याच्या जातीइतकंच महत्त्वाचं ठरतं.

मग उपाय नाहीच का?

आहेत, पण ते डबीतून फवारायचे नाहीत. खोल नांगरट हा जुना उपाय, कारण दाणा मातीत खोल गाडला गेला की त्याला कोंब फुटून वर येणं अवघड जातं. (पुढच्या वर्षी तेवढंच खोल नांगरलं तर तेच दाणे परत वर येतात, हेही लक्षात ठेवायला हवं.) अर्धवट कुजलेलं शेणखत टाळणं हा दुसरा. कच्च्या काडीकचऱ्यावर ही बुरशी आधी पोसते आणि मग पिकावर चढते.

तिसरा ट्रायकोडर्मा. ही बुरशीवर जगणारी बुरशी, आता कृषी विद्यापीठं आणि कृषी विज्ञान केंद्रांमधून सहज मिळते. शुगरबीटच्या मूळकुजीवर ट्रायकोडर्मा वापरण्याचं काम भारतात पंतनगर कृषी विद्यापीठात 1980 च्या दशकातच झालं होतं. ए. एन. मुखोपाध्याय यांचं नाव त्यात महत्त्वाचं. बीटच्या रोगांवरचं त्यांचं इंग्रजी पुस्तक 1987 चं आहे. म्हणजे भारतात हे ज्ञान पस्तीस-चाळीस वर्षं जुनं आहे. रील्समध्ये ते ‘नवं तंत्र’ म्हणून येतं, ते सोडून द्या.

पण मला सगळ्यात उपयोगी वाटणारी गोष्ट त्याहून जुनी आहे आणि ती कॅलिफोर्नियातून येते. तिथेही उन्हाळा गरम, तिथेही शुगरबीट, तिथेही हीच बुरशी. लीच आणि डेव्ही या दोन शास्त्रज्ञांनी 1938 मध्ये एक साधा प्रश्न विचारला. पेरणीआधी मातीतले हे दाणे मोजता येतील का? त्यांनी माती पाण्यात कालवून चाळणीतून गाळली, दाणे वेगळे केले, मोजले आणि मोजणीवरून त्या रानात बीट किती सडेल याचा अंदाज बांधला. दाणे जास्त असतील तर तिथे बीट लावूच नका, दुसरं रान बघा. चार वर्षांनी त्यांनीच दाखवलं की काही नत्रयुक्त खतांमुळेही ही कूज कमी होते.

चाळणी, पाणी आणि मोजणारा माणूस. यात न परवडण्यासारखं काय आहे?

आपल्याकडच्या मृदा आरोग्य पत्रिकेवर 12 घटक असतात. नत्र, स्फुरद, पालाश, गंधक, जस्त, लोह, तांबं, मँगनीज, बोरॉन, सामू, क्षारता आणि सेंद्रिय कर्ब. जमिनीत कोणती रोगकारक बुरशी किती आहे, याचा रकाना त्यात नाही. सगळ्या शेतकऱ्यांसाठी तो हवाच असं नाही. पण एखादा कारखाना शेकडो एकरांवर बीटचा करार करणार असेल, तर प्रत्येक रानाची अशी मोजणी आधी करणं त्याला जड जाऊ नये. पुण्यासारख्या शहरात तर ज्ञानाची अडचण नाही. व्हीएसआय आहे, शिवाजीनगरचं कृषी महाविद्यालय आहे, आणि आगरकर रस्त्यावरच्या आघारकर संशोधन संस्थेत देशाचा राष्ट्रीय बुरशी संग्रह आहे, जिथे जिवंत बुरश्या जतन करून ठेवल्या जातात. या शहरात बुरशीची नोंद ठेवायची परंपरा इंग्रजांच्या काळापासूनची आहे.

आणि पानांवरचा ठिपका?

त्याला विसरून चालणार नाही. सर्कोस्पोराचं विष उजेडात जागं होतं, म्हणजे ज्या उन्हावर पान जगतं त्याच उन्हात हे विष त्याच्या पेशी फोडतं. पानं करपली की झाड कंदातली साठवलेली साखर वापरून नवी पानं काढतं. वजनही घटतं, साखरेचा उताराही. उष्ण दिवस, उबदार रात्री आणि तासन्‌तास ओली राहणारी पानं, हे त्याचं आवडतं हवामान. आपल्याकडे रब्बीतल्या बीटला त्याचा धोका अवकाळी पावसात, पालकाला मात्र पूर्ण पावसाळाभर.

यावर फवारणी आहे, पण जगभरातला अनुभव सावध करणारा आहे. ग्रीसमध्ये बेनोमिल हे बुरशीनाशक निकामी ठरू लागल्याची नोंद 1973 ची. अमेरिकेत मिनेसोटा-नॉर्थ डाकोटा भागात 2016 ला या रोगाची मोठी साथ आली, आणि तोवर तिथल्या बुरशीने स्ट्रोबिल्युरिन गटातली औषधंही पचवलेली आढळली. एकच औषध पुन्हा पुन्हा मारलं की हे होणारच. आता तिकडे भर रोग सोसणाऱ्या नव्या वाणांवर आहे.

पालक खाणाऱ्यांनी यातून काय घ्यायचं? ठिपक्याची बुरशी झाडांवर जगणारी आहे, ती माणसाला होत नाही. ठिपकेवाली पानं काढून टाका, बाकीची नीट धुऊन वापरा. पानं बुळबुळीत झाली असतील किंवा वास येत असेल तर जुडीच नको. बीट कापल्यावर आत पांढरी वर्तुळं दिसली तर तीही बुरशी नसते, कंद वाढताना हवा गरम असली की रंग असा फिकट पडतो. खरी काळजी फवारणीची आहे. पालक महिन्याभरात कापणीला येतो आणि नंतर दोन-तीन आठवड्यांनी पुन्हा पुन्हा कापला जातो. औषधाच्या लेबलवर फवारणी ते काढणी किती दिवस थांबायचं ते लिहिलेलं असतं. इतक्या घाईच्या पिकात ते दिवस पाळणं सोपं नसतं. डाग नसलेली, चकचकीत जुडीच हवी असा हट्ट आपण धरला की तो दाब शेवटी शेतकऱ्याच्या फवारणी पंपावर जातो.

करार समोर आला तर

आता परत बीटकडे. तुमच्या घरी शेती असेल आणि उद्या कुणी शुगरबीटचा करार घेऊन आलं, तर दरापेक्षा आधी काढणीच्या तारखेबद्दल विचारा. मार्चच्या मध्यापर्यंत बीट उचलणार असं लेखी देतात का? त्या वेळी अजून ऊस चालू असेल तर कारखाना आधी कशाला हात घालणार? उसाला उशीर झाला तर वजन आणि उतारा घटतो, तरी ऊस उभा असतो. बीटला एप्रिलच्या उन्हात उशीर झाला तर कंद रानातच सडतो, आणि काढून ढीग घातला तर ढिगात सडतो. हा तोटा कुणाच्या खात्यावर, हे करारात असायला हवं. उसाच्या बाबतीत 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशामुळे किमान दराची आणि 14 दिवसांत पैसे देण्याची चौकट तरी आहे. बीटच्या बाबतीत जे काही आहे ते फक्त करारपत्रात.

माल साखरेसाठी जाणार की इथेनॉलसाठी, हेही विचारा. खराब होऊ लागलेल्या बीटमधली साखर फुटून ग्लुकोज-फ्रुक्टोज होते. साखरेचे दाणे पाडायला ते अडचणीचं, पण यीस्टला चालतं. त्यामुळे डिस्टिलरीला थोडा उशिराचा माल चालू शकतो, साखर कारखान्याला नाही. अर्थात बुरशीने जी साखर खाल्ली ती दोघांनाही मिळत नाही.

आणि पेरणीच्या आधी, गेल्या दोन-तीन वर्षांत सोयाबीन, भुईमूग किंवा हरभरा जिथे बुडाशी सडला होता तो कोपरा आठवून बघा. तिथली वरची चार बोटं माती बादलीभर पाण्यात कालवा आणि स्वयंपाकघरातल्या बारीक चाळणीतून गाळा. तपकिरी मोहरी दिसली, तर ते रान ज्वारीला ठेवा.